हिसायोताईंच्या वाक्याचं शेपूट

ओसाकाच्या तेन्मा भागातल्या हिसायो मियावाकी यांना कुठलीही गोष्ट ठामपणे सांगून मोकळं होताना आजवर कुणी पाहिलं नव्हतं. त्यांना गोष्टी ठाऊक नव्हत्या अशातला भाग नाही. उलट, तेन्मातली अशी पायरी नाही आणि असा खांब नाही, की ज्याच्यावर हिसायोताई पाच मिनिटं बोलू शकणार नाहीत. पण बोलून झालं, समोरच्यानं मान डोलावली, की त्या हळूच वाक्याला एक शेपूट लावायच्या. "शिरान्केदो." म्हणजे, "मला काय ठाऊक म्हणा!"

"देवळापुढचा हा दगड एका सुमो पैलवानानं नुसता पाठीनं रेटत नदीपासून इथवर आणला. मला काय ठाऊक म्हणा!"

"या दुकानातला सॉस युद्धाच्या आधीपासून त्याच पिंपात आहे. संपत आला की वरून नवा ओततात, पिंप रिकामं म्हणून कधी झालेलंच नाही. मला काय ठाऊक म्हणा!"

ओसाकात हे शेपूट सगळेच लावतात. आपण काही फार मोठे शहाणे नाही, चुकलं-माकलं तर हसून सोडून द्या, तुमच्याकडे याहून बरी गोष्ट असेल तर खुशाल सांगा, एवढं सगळं त्या एका शब्दात बसतं. गल्लीतला दातांचा डॉक्टरसुद्धा "दाढ काढावी लागेल" म्हणून झाल्यावर ते शेपूट लावतो आणि पेशंट निमूटपणे तोंड उघडतो. पण हिसायोताईंची गोष्ट वेगळी होती. त्या शेपूट इंग्रजीतही लावायच्या.

त्याचं असं झालं. हिसायोताईंचं आणि त्यांच्या नवऱ्याचं, तोकुजींचं, कोंबूचं दुकान होतं. कोंबू म्हणजे समुद्रातल्या शेवाळाच्या वाळवलेल्या पट्ट्या. ओसाकातलं कुठलंही सूप त्याच्याशिवाय चुलीवर चढत नाही. तोकुजी आत बसून त्या पट्ट्या धारदार पात्यानं कागदासारख्या पातळ तासायचे आणि हिसायोताई बाहेर बसून गिऱ्हाइकांशी बोलायच्या. चाळीस वर्षं ही वाटणी उत्तम चालली. मग तोकुजींचा खांदा धरला आणि दुकान बंद झालं. खांद्याला आराम पडला; हिसायोताईंच्या जिभेला मात्र आराम सोसेना. घरात बोलायला माणूस एकच, आणि तो माणूस दिवसाला साडेचार वाक्यं बोलणारा. त्यातलं अर्धं जांभईत जायचं. महिन्याभरात हिसायोताई भाताच्या कुकरशी बोलायला लागल्या. कुकर निदान शेवटी शिट्टीसारखा काहीतरी आवाज करून दाद द्यायचा.

तेव्हा शेजारणीच्या नादानं त्या इंग्रजीच्या संध्याकाळच्या वर्गाला गेल्या, आणि दोन वर्षांत पाहुण्यांना गल्लीबोळांतून खाऊ घालत हिंडवणाऱ्या एका कंपनीत वाटाड्या झाल्या. आठवड्यातल्या तीन संध्याकाळी, साडेपाचला स्टेशनच्या दारापाशी त्या पिवळी छत्री उघडून उभ्या राहायच्या. पाऊस नसला तरी. सहाजण घेऊन निघायचं, तीन ठिकाणी खायचं, एका देवळात हात जोडायचे, आठला परत. या तीन संध्याकाळींवर हिसायोताईंचे उरलेले चार दिवस जगायचे. सकाळी उठून त्या गल्लीत चक्कर मारायच्या, कुणाकडे आज काय शिजतंय, कोण कुणाशी बोलत नाही, सगळं गोळा करायच्या आणि संध्याकाळी जगभरच्या माणसांपुढे ओतायच्या. इंग्रजीच्या बाईंनी शिकवलं होतं, वाक्य अर्धवट सोडायचं नाही. म्हणून हिसायोताई शेपटाचंही भाषांतर करून वाक्य पुरं करायच्या. "बट आय डोन्ट नो!" तेही हसत, मोठ्यानं, दोन्ही हात पसरून.

पाहुणे घरी परत जाऊन कंपनीला कळवायचे. कुणीतरी लिहिलं, "बाई फार गोड आहेत, पण त्यांना काहीच ठाऊक नाही, आणि हे त्या स्वतःच कबूल करतात." दुसऱ्यानं लिहिलं, "अडीच तासांत बाईंनी एकतीस वेळा अज्ञान मान्य केलं. असा प्रामाणिकपणा आमच्या देशात राहिला नाही, पण मी पैसे माहितीचे दिले होते."

कंपनीच्या ओसाका कचेरीत नागुमो नावाचा तरुण साहेब होता. तोक्योचा. सज्जन, शर्टाला कडक इस्त्री, आणि ओसाकातल्या माणसांशी बोलताना पाण्यात पाय टाकावा तसा जपून शब्द टाकणारा. त्यानं हिसायोताईंना बोलावलं, चहा दिला आणि कागद पुढे सरकवला.

"मियावाकीसान, हे जे शेवटी म्हणता, ते म्हणायलाच हवं का?"

"काय म्हणते मी शेवटी?"

"तेच. मला काय ठाऊक."

"ते होय! ते मी कुठे म्हणते? ते आपोआप येतं."

नागुमो खिडकीबाहेर बघत म्हणाला, "मुख्य कचेरीचं म्हणणं आहे की कानात घालायचं यंत्र आणावं. पाहुण्यांनी ते कानात घालायचं, बटण दाबायचं, ते सगळं सांगतं. दुकानदार बोलला तर त्याचंही भाषांतर करतं. आणि ते कधीही 'मला ठाऊक नाही' म्हणत नाही."

"ते खातं का?" हिसायोताईंनी विचारलं.

"कोण?"

"यंत्र."

"नाही."

"मग त्याला चव काय ठाऊक?"

नागुमोला हे पटलं होतं, पण पटून त्याच्या हातात काही नव्हतं. पुढच्या शुक्रवारी मुख्य कचेरीतून कुराशिगेबाई येणार होत्या. त्या फेरीत बरोबर चालतील, टिपणं घेतील आणि ठरवतील. ते शेपूट पुन्हा ऐकू आलं, तर हिसायोताईंची छत्री मिटली.

हिसायोताई घरी आल्या त्या गप्प. तोकुजींनी वर्तमानपत्र खाली ठेवलं. बायको घरी येऊन गप्प, हे त्यांनी लग्नानंतर प्रथमच बघितलं.

"काय झालं?"

हिसायोताईंनी सांगितलं. ऐकून तोकुजी उठले, देवघरातली पितरांपुढची लहानशी पितळी घंटा घेऊन आले आणि जेवणाच्या टेबलावर ठेवून म्हणाले, "तू म्हणालीस की मी वाजवीन."

"अहो, पण ती मामंजींची घंटा!"

"त्यांनाही करमणूक."

तो आठवडा मियावाकींच्या घरात देवळासारखा गेला. "आज उकाडा जास्त आहे, मला काय" — टण्ण! "मासेवाला मासा ताजा म्हणत होता खरा, मला" — टण्ण! बुधवारी समोरच्या घरातली बाई हातात फुलं घेऊन, चेहरा लांब करून दारात उभी. "कुणाचं काही बरंवाईट झालं का? सारखी घंटा ऐकू येतेय म्हणून म्हटलं."

गल्लीलाही बातमी लागली. गोंदा हा ताकोयाकीवाला, म्हणजे आपल्या आप्पेपात्रासारख्या तव्यात ऑक्टोपसचे गोळे उलटवणारा, तीस वर्षं हिसायोताईंची थट्टा करत आलेला. तो म्हणाला, "ताई, तुम्ही शेपूट सोडणार? मग उरेल काय? तुमच्या गोष्टीत तेवढंच तर खरं असतं!"

"तू गोळे उलट. जळतायत."

"जळत नाहीयेत, खरपूस होतायत. मला काय ठाऊक म्हणा!"

"बघ! तूच लावून देतोस मला सवय."

फुसाए मात्र थट्टा करणारी नव्हती. ती उपाय करणारी होती. ओकोनोमियाकी, म्हणजे कोबीचं बोटभर जाड धिरडं, गिऱ्हाइकासमोरच्या तव्यावर घालून देणारी ही बाई हिसायोताईंची शाळेपासूनची मैत्रीण. तिनं सगळ्या दुकानांत फिरून हुकूम सोडला. शुक्रवारी हिसायोच्या तोंडून शेपूट निघायला लागलं की प्रत्येकानं खोकायचं. तिच्या स्वतःच्या दुकानात ती तव्यावर उलथणं आपटेल.

शुक्रवार उजाडला. साडेपाचला पिवळ्या छत्रीखाली पाहुणे जमले: ब्राझीलचा एक शाळामास्तर, फिलिपिन्सच्या दोन हसऱ्या बहिणी, एक अबोल जोडपं, आणि नॉर्वेहून आलेली सोल्वेग नावाची उंच बाई. त्यांच्या मागे राखी कोटातल्या कुराशिगेबाई, हातात वही, चेहऱ्यावर काहीच नाही. नागुमो त्यांच्याही मागे, परीक्षा आपलीच असल्यासारखा.

सुरुवात भयंकर चांगली झाली. म्हणजे चूक एकही नाही. "हा दगड आहे. तो मोठा आहे. तो जुना आहे." हिसायोताई स्टेशनवरच्या घोषणेसारख्या बोलत होत्या. पैलवान आला नाही, कारण पैलवानाला शेपटाशिवाय आणायचा कसा? पिंप आलं नाही. कोण कुणाशी बोलत नाही तेही आलं नाही. शाळामास्तरानं जांभई दाबली. अबोल जोडपं जास्तच अबोल झालं. कुराशिगेबाईंनी वहीत काहीतरी लिहिलं आणि नागुमोनं मान लांब करून ते वाचायचा प्रयत्न केला.

गोंदाच्या गाडीपाशी हिसायोताई जरा सैलावल्या. "हे गोळे आधी इथे मुलांचा खाऊ होते, मग कुणाला तरी सुचलं की यात ऑक्टोपस..." इथवर आल्या आणि श्वास घेतला. तो श्वास बघून गोंदा खोकला. शेजारचा लोणचीवाला खोकला. पलीकडची चहावाली खोकली. समोरून सायकलवर जाणाऱ्या भाजीवाल्याला काहीच ठाऊक नव्हतं, पण सगळे खोकतायत म्हणून तोही खोकला. फिलिपिन्सच्या बहिणींनी एकमेकींकडे बघितलं, पर्समधून मास्क काढले आणि नाकावर चढवले. मग सगळ्यांनीच चढवले. आता खायचं कसं, हा प्रश्न उभा राहिला.

तेवढ्यात सोल्वेग पुढे आली. मास्क हनुवटीवर ओढून म्हणाली, "माफ करा, यात कोळंबी आहे का? मला ती चालत नाही. गेल्या खेपेला घसा सुजून थेट दवाखान्यात जावं लागलं."

"आहे," हिसायोताई म्हणाल्या. "पिठात सुक्या कोळंबीचा चुरा आहे. तुम्ही याला हात लावायचा नाही. तुमच्या नोंदणीच्या कागदावर ते लिहिलेलं होतं, म्हणून सकाळी येऊन मी सगळीकडे विचारून गेले. तुमच्यासाठी पलीकडे भाजलेलं रताळं सांगून ठेवलंय."

हे वाक्य खणखणीत आलं. गोंदानं खोकायला तोंड उघडलं होतं, ते तसंच राहिलं. कुराशिगेबाईंनी पहिल्यांदा वहीतून मान वर केली.

शेवटचा मुक्काम फुसाएचा. सगळे तव्याभोवती बसले. फुसाएनं कोबी, पीठ आणि अंडं कालवलं, तव्यावर ओतलं, वर डुकराच्या मांसाच्या पातळ चकत्या पसरल्या. उलथणं तिनं उजव्या हाताशी तयार ठेवलं होतं. धिरडं झालं, सॉस लागला, वर भुरभुरलेले सुक्या माशाचे पापुद्रे वाफेनं हलायला लागले. फुसाएनं पहिला तुकडा सोल्वेगपुढे सरकवला.

"यात नाही ना?" सोल्वेगनं विचारलं.

हिसायोताईंनी ते फुसाएला जपानीत विचारलं. सकाळी विचारलं होतं, तरी पाहुणी विचारतेय तर पुन्हा विचारायचं.

"कोळंबी?" फुसाए म्हणाली. "छे गं! कोबी, अंडं, डुक्कर. कोळंबीचा काय संबंध? नाहीये." आणि मग, "मला काय ठाऊक म्हणा."

गल्लीतला माणूस असता तर पुढे काही न विचारता जेवायला बसला असता. नागुमोनं सोल्वेगला सांगूनही टाकलं, "नाही म्हणतायत." सोल्वेगनं तुकडा उचलला.

"थांबा!" हिसायोताई ओरडल्या. सोल्वेगचा तुकडा ओठांपाशी अडला. "फुसाए, हे शेपूट कसलं?"

"कसलं म्हणजे? नेहमीचं."

"नेहमीचं नव्हतं ते. नेहमी तू श्वास न घेता लावतेस. आत्ता मध्ये थांबलीस."

"मी थांबले?"

"थांबलीस. मनात काहीतरी आलं तुझ्या. काय आलं?"

फुसाएनं उलथण्याच्या टोकानं धिरडं फोडून आत बघितलं. मग तिचा चेहरा उतरला. "अगं, तो तळणीचा कुरकुरीत चुरा घालते ना मी पिठात... नेहमीचा माणूस आज दुपारी आलाच नाही. कोपऱ्यावरच्या दुकानातून पाकीट आणलं. त्यात काय आहे ते मी... मला खरंच ठाऊक नाही."

ती आत धावली आणि पाकीट घेऊन आली. त्यावरची अक्षरं मुंग्यांसारखी. फुसाएला दिसेनात, हिसायोताईंना दिसेनात. शेवटी कुराशिगेबाईंनी हात पुढे केला, पाकीट दिव्याजवळ धरलं आणि वाचलं. गव्हाचं पीठ. तेल. मीठ. कोळंबीची पूड.

सोल्वेगनं चॉपस्टिक्स खाली ठेवल्या. तिला शब्द कळले नव्हते, पण सगळ्यांचे चेहरे कळले होते. हिसायोताईंनी तिला समजावून सांगितलं, आणि फुसाएनं तीन वेळा कमरेतून वाकून माफी मागितली. मग तिनं शेजारचा दुसरा तवा घासूनपुसून तापवला, नवं भांडं, नवं उलथणं घेतलं, चुरा न घालता धिरडं घातलं. या वेळी ती एकही शब्द बोलली नाही. ओसाकात असं मुकाट्यानं धिरडं होताना कुणी बघितलं नसेल.

धिरडं होईस्तोवर कुराशिगेबाई हिसायोताईंच्या शेजारी येऊन बसल्या.

"एक विचारू? मीही जपानीच बोलते. जन्मापासून. मला नुसतं 'नाहीये' ऐकू आलं. तुम्हाला काय ऐकू आलं?"

हिसायोताईंना हे कधी कुणाला समजावून सांगावं लागलं नव्हतं. त्या विचार करत म्हणाल्या, "असं बघा. शेपूट दोन जातीचं असतं. एक नमस्काराचं. ते वाक्याला चिकटून येतं, फट नसते. दुसरं शंकेचं. त्याच्या आधी माणूस जरासा अडतो, स्वतःलाही न कळता. नमस्काराचं असेल तर खुशाल जेवा. शंकेचं असेल तर भांड्यात वाकून बघा. दुकानात चाळीस वर्षं गिऱ्हाइकं ऐकली ना, त्यानं कान तयार होतो. मला काय ठाऊक म्हणा!"

निघून गेलं. आणि फट नव्हती.

हिसायोताईंनी तोंडावर हात ठेवला. फुसाएनं दचकून उलथणं आपटलं, पण फार उशिरा. ते जाऊन अंड्यांच्या टोपलीवर पडलं आणि तीन अंडी फुटली. नागुमोनं डोळे मिटून घेतले.

कुराशिगेबाईंच्या खांद्यांना काहीतरी झालं. आधी वाटलं, त्यांनाही खोकला लागला. मग कळलं की त्या हसतायत. तोक्योच्या पद्धतीनं, आवाज न करता, पण डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. हातरुमाल काढून त्यांनी डोळे टिपले, वही मिटून पिशवीत टाकली आणि म्हणाल्या, "मियावाकीसान, तो देवळापुढचा दगड. तो तिथे आला कसा? तुम्ही काहीतरी सांगता सांगता गिळलंत."

मग पैलवान आला. पिंपही आलं. गोंदाच्या आजोबांनी एका मंत्र्याला रांगेत उभं केलं होतं तेही आलं, आणि प्रत्येकाच्या मागे आपापलं शेपूट आलं. सोल्वेगचं धिरडं संपेपर्यंत शाळामास्तर प्रत्येक शेपटाला टाळ्या वाजवायला लागला होता, आणि फिलिपिन्सच्या बहिणी "शिरान्केदो" म्हणायला शिकून एकमेकींना भलतंसलतं सांगत होत्या.

आठला स्टेशनच्या दारात कुराशिगेबाई नागुमोला म्हणाल्या, "यंत्र नको. त्या यंत्रानं पाहुणीच्या कानात 'नाही' म्हटलं असतं आणि आपण सगळे आत्ता दवाखान्यात असतो. आणि मियावाकीसान, ते इंग्रजीत नका सांगू. आपल्याच शब्दात म्हणा, त्याचा अर्थ पहिल्या दुकानापाशी समजावून द्या. मात्र माझी एक अट आहे."

हिसायोताईंनी छत्री घट्ट धरली.

"फेरीच्या दिवशी प्रत्येक दुकानात जाऊन विचारायचं, आज कशात काय आहे. सकाळी एकदा आणि निघायच्या आधी पुन्हा एकदा. तोंडी नाही. कागदावर लिहून घ्यायचं. 'आहे' किंवा 'नाही'. दुसरं काही चालणार नाही."

"एवढंच ना!" हिसायोताई म्हणाल्या.

एवढंच नव्हतं. शनिवारीही फेरी होती. सकाळी त्या पाठकोरा पुठ्ठा आणि पेन्सिल घेऊन बाहेर पडल्या आणि त्यांना कळलं की सबंध गल्लीत नुसतं "आहे" म्हणणारा माणूस नाही. लोणचीवाला म्हणाला, "तीळ आहेत म्हणायला हरकत नाही." चहावाली म्हणाली, "दूध? तसं बघायला गेलं तर..." फुसाएनं पुठ्ठा हातातून ओढून घेतला, आतली सगळी पाकिटं आणून त्यांची अक्षरं भिंगातून वाचली आणि स्वतःच लिहून दिलं; तिच्याशी आता या विषयावर विनोद करायची सोय नव्हती.

शेवटी गोंदा. तो तव्याला तेल पुसत होता.

"गोंदा, कोळंबी आहे की नाही?"

"ताई, तुम्हाला ठाऊक आहे."

"मला ठाऊक असून उपयोग नाही. तू सांग. आहे की नाही?"

"आता असं बघा, कोळंबी म्हणजे मोठी कोळंबी म्हणाल तर..."

"गोंदा!"

"चुरा आहे, पण तो काही फार..."

"एक शब्द. मी लिहायला थांबलेय."

गोंदानं इकडे बघितलं, तिकडे बघितलं. रस्त्यावर कुणी नव्हतं. त्यानं कपाळावरचा पंचा काढून हातात घेतला, पोरगी मागायला आल्यासारखा ताठ उभा राहिला, आणि खालच्या आवाजात म्हणाला, "आहे."

हिसायोताई थांबल्या. मागे काही आलं नाही. त्यांनी "आहे" असं लिहिलं आणि त्याखाली रेघ मारली.

आपल्याच उघड्याबोडक्या शब्दाची गोंदाला एवढी लाज वाटली, की त्यानं दिवसाचे पहिले आठ गोळे भराभर उलटवले, सॉस जरा जास्तच लावला आणि द्रोणात घालून ताईंच्या पुठ्ठ्यावर ठेवले.